अनुकंपा नियुक्ती : कर्मचारी हयात, पण कामास असमर्थ

सरकारी कर्मचारी सेवेत असताना मरण पावला, किंवा आजार अथवा अपघातामुळे कायमचा असमर्थ ठरून त्याला मुदतीआधी निवृत्त व्हावे लागले, तर त्याच्यावर अवलंबून असलेल्या एका व्यक्तीला नेहमीची भरतीप्रक्रिया वगळून नोकरी देता येते. हीच अनुकंपा नियुक्ती. मृत्यूनंतर मिळणारी अशी नोकरी बहुतेकांना ठाऊक असते. वैद्यकीय असमर्थतेची तरतूद तितकी परिचित नाही.

ही तरतूद समानतेच्या तत्त्वाविरुद्ध असल्याचा निकाल आंध्र प्रदेश उच्च न्यायालयाने दिला होता. २००८ मध्ये व्ही. शिवमूर्ती प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो फिरवला. कायमच्या असमर्थतेमुळे कुटुंबावर येणारा भार मृत्यूपेक्षाही जड असू शकतो, हे न्यायालयाने मान्य केले. पक्षाघाताने खिळलेल्या पोस्टमनचे घर डोळ्यांसमोर आणले की यातले तथ्य पटते. पगार थांबतो आणि त्याच महिन्यापासून औषधे, फिजिओथेरपी, दवाखान्याच्या फेऱ्या सुरू होतात. त्याला उठवायला-बसवायला एक माणूस चोवीस तास लागतो, म्हणजे कमावू शकणारे आणखी दोन हातही घरातच अडकतात.

मात्र वारसाच्या नोकरीआधी कर्मचाऱ्याच्या स्वतःच्या नोकरीचा विचार व्हावा लागतो. १९९५ च्या अपंग व्यक्ती कायद्याच्या कलम ४७ ने, आणि आता २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याच्या कलम २० ने, सेवेत असताना अपंगत्व आलेल्याला काढून टाकण्यास किंवा पदावनत करण्यास मनाई केली आहे. जुने काम झेपत नसेल, तर त्याच वेतनश्रेणीत दुसरे काम द्यायचे. तसे पद रिकामे नसेल, तर अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येपलीकडचे, पद निर्माण करायचे. रेल्वेत हे नेहमी घडते. लोको पायलटची दृष्टी ‘ए-वन’ या सर्वांत कडक श्रेणीत बसेनाशी झाली की तो ‘मेडिकल डिकॅटेगराइज्ड’ ठरतो. गाडी चालवणे थांबते, नोकरी थांबत नाही.

कोणतेच काम शक्य नसेल, तेव्हा वैद्यकीय मंडळाच्या दाखल्यावर कर्मचारी निवृत्त होतो आणि त्याला रुग्णता निवृत्तिवेतन लागू होते. केंद्र सरकारच्या १९९८ च्या योजनेनुसार ही निवृत्ती वयाच्या ५५ वर्षांपूर्वी झालेली असेल, तरच अनुकंपा नियुक्तीचा विचार होतो. तेव्हाच्या गट ‘ड’ कर्मचाऱ्यांसाठी ही मर्यादा ५७ होती. निवृत्ती जवळ आली असताना केवळ मुलाला जागा मिळावी म्हणून आजारपण पुढे केले जाऊ नये, यासाठी अशी वयाची अट उपयोगी पडते.

या योजनेत अर्ज पती किंवा पत्नी, मुलगा, मुलगी यांना करता येतो. त्यात दत्तक अपत्येही आली. कर्मचारी अविवाहित असेल, तर अवलंबून असलेला भाऊ किंवा बहीण पात्र ठरते. उमेदवार किमान १८ वर्षांचा हवा. कमाल वयात सवलत मिळू शकते. नियुक्ती खालच्या पदांवरच होते आणि थेट भरतीच्या ५ टक्के जागांपुरतीच. अर्ज जास्त आणि जागा मोजक्या, म्हणून निवृत्तिवेतन, इतर उत्पन्न, मालमत्ता, अवलंबून असणाऱ्यांची संख्या, लहान मुले हे सारे तोलून सर्वांत गरजू कुटुंब निवडावे लागते.

ही नोकरी वारसाहक्क नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये उमेशकुमार नागपाल प्रकरणात स्पष्ट केले. अचानक कोसळलेल्या संकटातून कुटुंबाला सावरणे एवढाच तिचा हेतू आहे. म्हणूनच निर्णय वेळेत होणे महत्त्वाचे. फाईल वर्षानुवर्षे पडून राहिली, तर मदतीचा अर्थच उरत नाही.

महाराष्ट्रातील सफाई कामगारांसाठी लाड-पागे समितीच्या शिफारशींवर आधारलेली व्यवस्था याहून वेगळी आहे. तिथे खरोखर वारसाहक्काची भाषा आहे आणि कामगार वैद्यकीयदृष्ट्या अपात्र ठरल्यावरही वारसाला नोकरी मिळू शकते. आरोग्याला घातक असे काम पिढ्यान्‌पिढ्या ठरावीक समाजांच्याच वाट्याला आले, ही तिची पार्श्वभूमी.

केंद्राच्या योजनेत नोकरी मिळाल्यावरही एक बंधन राहते. कर्मचाऱ्यावर अवलंबून असलेल्या इतर कुटुंबीयांचा नीट सांभाळ करीन, असे हमीपत्र उमेदवार लिहून देतो. तो शब्द पाळला नाही, तर नियुक्ती संपुष्टात येऊ शकते. कारण ती दिलेली असते एका व्यक्तीच्या नावे, पण साऱ्या घरासाठी.