आम्रपाली हे नाव आपल्या घरात कसं आलं?

गेल्या पावसाळ्यात कन्हेरीच्या बाजूची एक मुलगी अर्ज भरून घ्यायला माझ्याकडे आली. वय एकवीस, डिप्लोमा पूर्ण. अर्ज राजपत्रात नाव बदलून घेण्याचा होता. जुनं नाव आम्रपाली, नवं नाव आर्या. कारणाच्या रकान्यात काय लिहायचं ते मात्र तिला सुचत नव्हतं.

खरं कारण तिने चहा झाल्यावर सांगितलं. एका कंपनीत मुलाखतीला गेली होती. समोरच्या साहेबांनी फाईल उघडली, नाव वाचलं आणि हसून विचारलं, "आम्रपाली म्हणजे ती वैशालीची नर्तकी ना? घरच्यांनी माहिती असून ठेवलं का?" मग आडनाव विचारलं. पुढे त्या कंपनीचा फोन आला नाही. होस्टेलवरही तिला 'नगरवधू' म्हणून चिडवत होते. चिडवणाऱ्यांत आपलीही मुलं होती, जयंतीला निळा फेटा बांधून नाचणारी.

"ताई, या नावाचा अर्थ तरी सांगा. कुणी विचारलं की मी गप्प बसते," ती म्हणाली.

तिला तेव्हा जे तुटक सांगितलं ते इथे नीट लिहिते, कारण हा प्रश्न तिच्या एकटीचा नाही. आपल्या वस्त्यांत आम्रपाली आहेत, संघमित्रा आहेत, प्रज्ञाशील आणि धम्मदीप आहेत, आणि त्यांतल्या बऱ्याच जणांना आपलं नाव फक्त 'आपल्यातलं' आहे एवढंच माहीत असतं.

पाली ग्रंथांत हे नाव 'अंबपाली' असं येतं. अंब म्हणजे आंबा. वैशालीच्या आमराईत एक तान्ही मुलगी सापडली आणि तिथल्या माळ्याने तिला वाढवलं, म्हणून हे नाव, अशी परंपरा आहे. म्हणजे जिचं कूळ कुणाला माहीत नाही अशी ती मुलगी. ती मोठी झाली तेव्हा तिच्यासाठी लिच्छवी कुमारांत भांडणं लागली. वैशाली गणराज्य होतं आणि तिथल्या पुरुषांनी तोडगा काढला तो असा, की ती कुणा एकाची नको, सगळ्यांची असू दे. तिला गणिका केलं गेलं. तिला कुणी विचारलं नव्हतं. हे इथे आधी सांगते, कारण 'नगरवधू' म्हणून दात काढणाऱ्यांना वाटतं की तो तिने निवडलेला धंदा होता.

महापरिनिब्बान सुत्तातला प्रसंग पुष्कळांनी ऐकलेला असतो, पण तो घाईत सांगितला जातो. शेवटच्या प्रवासात बुद्ध वैशालीला आले आणि अंबपालीच्या आमराईत उतरले. ती आली, धम्म ऐकला आणि दुसऱ्या दिवशीच्या भोजनाचं निमंत्रण दिलं. बुद्धांनी ते स्वीकारलं. परत जाताना वाटेत लिच्छवी कुमारांचे रथ समोरून आले. तिने आपला रथ बाजूला घेतला नाही. चाकाला चाक, जूला जू लावून ती पुढे निघाली. कुमारांनी कारण विचारलं तेव्हा तिने निमंत्रणाचं सांगितलं. एक लाख घे आणि हे भोजन आम्हाला दे, असं ते म्हणाले. अख्खी वैशाली तिच्या मुलखासह दिली तरी देणार नाही, असं तिचं उत्तर होतं. मग कुमार स्वतः बुद्धांकडे गेले. मी अंबपालीला शब्द दिला आहे, असं बुद्धांनी त्यांना सांगितलं. राज्यकर्त्यांची पंगत नाकारली गेली आणि गणिकेची स्वीकारली गेली. भोजनानंतर तिने ती आमराई संघाला दान दिली. पुढे ती भिक्खुणी झाली, अर्हत झाली. थेरीगाथेत तिच्या गाथा आहेत. आपलं तरुणपणाचं शरीर आणि म्हातारपणाचं शरीर यांच्याबद्दल तिथे ती स्वतः बोलते.

हा झाला ग्रंथातला अर्थ. पण कुठल्याही नावाचा अर्धा अर्थ ते कुणी आणि कधी ठेवलं यात असतो, आणि आम्रपालीच्या बाबतीत तो आपल्याच भागात सापडतो.

बारामतीहून जेजुरी फार लांब नाही. खंडोबाला मुली वाहण्याची चाल होती. मुलगी वाहिली की ती मुरळी. तिचं लग्न देवाशी लागायचं आणि जगणं गावातल्या पुरुषांच्या मर्जीवर चालायचं. वाहिलेल्या मुलींत महार-मांग घरांतल्या मुली मोठ्या संख्येने असत. महात्मा फुल्यांनी या चालीविरुद्ध लिहिलं. पुण्यात शिवराम जानबा कांबळे यांनी 'सोमवंशीय मित्र' या आपल्या पत्रातून १९०८ पासून मुरळी सोडण्याविरुद्ध मोहीम चालवली. मुंबई इलाख्यात देवदासी प्रतिबंधाचा कायदा १९३४ साली आला. १९३६ साली मुंबईत बाबासाहेब देवदासी, जोगतिणी, मुरळ्या आणि कामाठीपुऱ्यातल्या बायकांपुढे बोलले. त्यांनी अपमानाचं जिणं सोडून द्यायला त्या बायकांना सांगितलं.

ज्या समाजातल्या मुलींना देवाच्या नावाने सगळ्या गावाची करून टाकलं जात होतं, त्या समाजाने १९५६ नंतर आपल्या लेकींना आम्रपाली हे नाव ठेवलं. हे नकळत झालं असं मला वाटत नाही. ज्यांना हा इतिहास घरातूनच माहीत होता, त्यांना वैशालीची गोष्ट समजावून सांगावी लागली नसेल.

धम्मदीक्षेआधी आपल्याकडे बायकांची नावं काय होती ते कुठल्याही जुन्या शाळेच्या जनरल रजिस्टरमध्ये बघा. धोंडाबाई, कचराबाई, भिकाबाई. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात कुणाचं नाव कसं असावं याचा नियमच आहे. ब्राह्मणाचं मंगलसूचक, क्षत्रियाचं बलसूचक, वैश्याचं धनसूचक आणि शूद्राचं निंदासूचक. अस्पृश्य तर त्याही पलीकडचे. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला जो ग्रंथ जाळला गेला, त्यात हाही नियम होता.

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली पाहिजे. धोंडू, दगडू, केरू ही नावं सगळ्याच जातींत ठेवली जायची. मुलं जगत नसली की मरणाची नजर लागू नये म्हणून असलं नाव ठेवायचे. धोंडो केशव कर्वे यांचंही नाव धोंडोच होतं. फरक नावाच्या पुढे काय लागतं यात होता. तिकडे धोंडोपंत झाले, आपल्याकडे धोंड्या. आपल्यात एखाद्याचं नाव सखाराम असलं तरी गाव त्याला सख्याच म्हणायचं. मुलींच्या बाबतीत त्यात आणखी एक भर होती. नीरा ओलांडली की सातारा जिल्हा लागतो. तिथे ऑक्टोबर २०११ मध्ये २८५ मुलींची नावं जाहीर कार्यक्रमात बदलली, कारण त्यांची नावं 'नकोशी' किंवा 'नकुसा' होती.

नाव बदलून माणूसपण सांगण्याची ही गोष्ट जगात आपण एकट्यांनी केलेली नाही. बाबासाहेब १९१३ ते १९१६ न्यूयॉर्कला कोलंबिया विद्यापीठात शिकले. विद्यापीठाच्या शेजारीच कृष्णवर्णीयांचं हार्लेम. पुढे १९४६ साली त्यांनी डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांना पत्र लिहिलं आणि अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या प्रश्नाची अस्पृश्यांच्या प्रश्नाशी तुलना केली. १९७२ साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली, तिने नाव घेतलं ते अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरवरून. ही नाळ जुनी आहे.

त्या देशात गुलामांची नावं मालक ठेवत. सीझर, पॉम्पी, व्हीनस अशी रोमन सेनानींची आणि देवतांची नावं थट्टा म्हणून दिली जात. गुलामगिरीतून पळालेल्या फ्रेडरिक बेलीने आडनाव बदलून डग्लस घेतलं. माल्कम लिटलने मालकाकडून आलेलं आडनाव टाकून तिथे 'एक्स' लिहिलं, कारण आफ्रिकेतलं खरं आडनाव हरवलं होतं. १९६० नंतरच्या दशकात कृष्णवर्णीय अस्मितेची चळवळ उठली आणि आयाबापांनी मुलींची नावं वेगळी ठेवायला सुरुवात केली. इमानी, नीया ही स्वाहिली नावं आली. कीशा, लाकीशा, लटोया अशी नवी घडवलेली नावं आली.

लाकीशा घ्या. शब्दकोशात याचा एक ठरलेला अर्थ सापडणार नाही. कुणी 'कीशा' बायबलमधल्या केझायापासून आलं म्हणतं, कुणी ते आयेशाशी जोडतं. पुढचा 'ला' फ्रेंच वळणाचा आहे. गोऱ्या लोकांनी यावर विनोद केले की ही नावं निरर्थक आहेत. पण हे नाव मालकाच्या यादीतलं नाही आणि ते घरच्यांनी स्वतः घडवलं, हाच त्याचा अर्थ. फ्रायर आणि लेविट या अर्थशास्त्रज्ञांनी कॅलिफोर्नियातल्या जन्मनोंदी तपासल्या. त्यांना दिसलं की १९६० च्या दशकात काळ्या आणि गोऱ्या मुलांच्या नावांत फार फरक नव्हता, तो १९७० च्या सुरुवातीला एकदम वाढला. चळवळ आधी आली आणि नावं तिच्या मागून आली. आपल्याकडेही क्रम तोच.

मग त्याची किंमत? २००४ साली बर्ट्रांड आणि मुल्लैनाथन यांनी एक प्रयोग प्रसिद्ध केला. बॉस्टन आणि शिकागोत सुमारे पाच हजार अर्ज पाठवले. पात्रता सारखी, काहींवर एमिली, ग्रेग अशी नावं, काहींवर लाकीशा, जमाल. गोऱ्या वाटणाऱ्या नावांना ५० टक्के जास्त बोलावणी आली. २००७ साली सुखदेव थोरात आणि पॉल ॲटवेल यांनी भारतात तसाच अभ्यास केला. खासगी नोकऱ्यांच्या जाहिरातींना ४,८०८ अर्ज पाठवले. आडनाव दलित असेल तर बोलावणं येण्याची शक्यता सवर्ण आडनावाच्या तुलनेत सुमारे दोन तृतीयांश. मुस्लिम नावाची त्याहून कमी, एक तृतीयांश.

इथे अमेरिका आणि आपल्यात एक फरक आहे आणि माझ्याकडे आलेल्या मुलीसाठी तो महत्त्वाचा आहे. तिकडे पहिलं नाव ओळख सांगतं. आपल्याकडे ते काम मुख्यतः आडनाव करतं. साहेबांनी आधी नावावर हसून घेतलं, पण नंतर आडनाव विचारलंच. आर्या नाव घेतलं तरी पुढे आडनाव तेच राहणार. राजपत्रातून आडनावही बदलणारे आपल्यात आहेत. त्यांना मी नावं ठेवत नाही, पण मग गाव विचारतात, गल्ली विचारतात.

सगळी बौद्ध नावं ओळखली जातात असंही नाही. राहुल, सिद्धार्थ, गौतम आता सगळ्यांचे झाले. सुजाताही सगळ्यांची झाली. बिमल रॉय यांनी १९५९ साली 'सुजाता' सिनेमा काढला तेव्हा त्यातली नायिका अस्पृश्य घरात जन्मलेली होती. सु-जाता, म्हणजे चांगल्या जन्माची. ते नाव कुठल्याही घरात खपतं. आम्रपाली खपत नाही. माझं मत विचाराल तर याला कारण जातीइतकंच बाईबद्दलचं आहे. खीर वाढणारी सुजाता कुणालाही चालते. स्वतःचा रथ, स्वतःची आमराई असलेली आणि राजपुत्रांना वाट न देणारी बाई पचत नाही, आपल्याही पोरांना पचत नाही. विहारात वर्षावासात ग्रंथवाचन होतं तेव्हा अंबपालीचा प्रसंग दोन वाक्यांत उरकतात हे मी स्वतः बघितलंय. अनाथपिंडिकाच्या घरी पाणी भरणारी पुण्णिका दासी, जिने थंड पाण्यात बुड्या मारणाऱ्या ब्राह्मणाला नदीतल्या बेडकांबद्दल विचारून निरुत्तर केलं, तिची गोष्ट तर मी विहारात अजून ऐकली नाही. पुण्णिका नावाची एकही मुलगी मला भेटलेली नाही.

हल्ली नामकरणाला जाते तेव्हा मोबाइलवरच्या यादीतली नावं ऐकते, किआरा, मायरा. आई-बापांना मी काही बोलत नाही. लेकराला मुलाखतीत हसू नयेत असं वाटण्यात चूक काय? एकवीस वर्षांच्या मुलीने सगळ्या समाजाचा इतिहास नावावर घेऊन नोकरी मागत फिरावं, असं तिला सांगण्याचा अधिकार मला नाही. पण नाव टाकायचं तर ते काय आहे हे माहीत असून टाकावं, एवढं मी तिला म्हणाले. आणि घरी जाऊन हे नाव कुणी ठेवलं ते विचार, असंही म्हणाले.

आठ-दहा दिवसांनी तिचा फोन आला. नाव आजीने ठेवलं होतं. आजीचं स्वतःचं नाव धोंडाबाई. आजीच्या मावशीला लहानपणी जेजुरीला वाहिलं होतं, आणि घरात तिचं नाव कुणी काढत नसे. हे तिच्या आईलाही माहीत नव्हतं. आजीने फार काही सांगितलं नाही. विहारात गोष्ट ऐकली आणि तेव्हाच ठरवलं होतं, एवढंच म्हणाली.

अर्जाचं काय करायचं, मी विचारलं. "राहू द्या तुमच्याकडंच," ती म्हणाली. पुढच्या आठवड्यात तिची दुसरी मुलाखत होती, तिला त्या कंपनीचा पत्ता हवा होता.