गॅलिसियाच्या खेड्यांना पडद्यावर बोलते करणारा दिग्दर्शक

स्पेनच्या वायव्य टोकाला असलेला गॅलिसिया हा पावसाचा, लहान शेतांचा आणि विखुरलेल्या वाड्यावस्त्यांचा प्रदेश. येथील ग्रामीण जीवन व स्थलांतराची वेदना तेथील लोकांच्याच भाषेत पडद्यावर आणण्याचे श्रेय ज्यांना दिले जाते, त्यांत चानो पिन्येइरो यांचे नाव अग्रभागी आहे.

पोर्तुगीज भाषेशी जवळचे नाते असलेली गॅलिशियन ही येथील जनतेची भाषा. जनरल फ्रँको यांच्या 1939 ते 1975 या राजवटीत शाळा, शासन व प्रसारमाध्यमे यांचे व्यवहार स्पॅनिशमधून चालत. गॅलिशियन प्रामुख्याने घरात आणि शेतात उरली. परिणामी ती अडाण्यांची बोली, असा समज रूढ झाला. 1981 च्या स्वायत्तता कायद्याने तिला स्पॅनिशच्या बरोबरीने राजभाषेचा दर्जा दिला आणि 1985 मध्ये गॅलिशियन भाषेतील दूरचित्रवाणी सुरू झाली. चित्रपटसृष्टी मात्र अद्याप उभी राहायची होती.

पिन्येइरो यांचा जन्म 1954 मध्ये पोंतेवेद्रा प्रांतातील फोर्कारेय येथे झाला. त्यांनी औषधनिर्माणशास्त्राचे शिक्षण घेतले होते. चित्रपटनिर्मितीचा प्रारंभ त्यांनी हौशी कलावंत म्हणून केला. 1984 मधील ‘मामासुन्सिऑन’ या लघुपटाने त्यांना ओळख मिळवून दिली. मेक्सिकोला गेलेल्या मुलाचे पत्र आले का, हे विचारण्यासाठी एक वृद्ध माता वर्षानुवर्षे दररोज टपाल कचेरीत जाते, एवढेच त्याचे कथासूत्र. खेड्यातील रहिवाशांनीच त्यात भूमिका केल्या. त्यामुळे कथा काल्पनिक असली तरी चेहरे, घरे, वाटा आणि बोलणे अस्सल राहिले.

ही प्रतीक्षा गॅलिसियातील असंख्य कुटुंबांच्या परिचयाची होती. एकोणिसाव्या शतकापासून लाखो लोक पोटासाठी अर्जेंटिना, क्यूबा आदी देशांत गेले. पुढे अनेकांनी जर्मनी व स्वित्झर्लंडची वाट धरली. स्थलांतरितांची संख्या इतकी मोठी, की अर्जेंटिनात कोणत्याही स्पॅनिश माणसाला ‘गाय्येगो’, म्हणजे गॅलिसियाचा रहिवासी, म्हणण्याची रीत पडली. मागे राहिलेल्या स्त्रियांनी शेती आणि संसार सांभाळला.

‘सेम्प्रे शोन्शा’ या चित्रपटात पिन्येइरो यांनी हाच विषय विस्ताराने मांडला. एका खेड्यात एकत्र वाढलेली तीन मुले, त्यांतील एकाचे अमेरिका खंडाकडे प्रयाण आणि धनवान होऊन परतल्यावर जुन्या नात्यांत पडणारे अंतर, असे त्याचे कथानक आहे. चार ऋतूंच्या चौकटीत अनेक दशकांचा काळ उलगडत जातो. 1989 मध्ये व्हिगो शहरात तो इतर दोन चित्रपटांसह प्रदर्शित झाला. गॅलिशियन चित्रपटसृष्टीचा पूर्ण लांबीच्या चित्रपटांचा प्रवास या तीन चित्रपटांपासून सुरू झाला, असे मानले जाते.

1995 मध्ये, वयाच्या अवघ्या एकेचाळिशीच्या उंबरठ्यावर पिन्येइरो यांचे निधन झाले. मात्र ही परंपरा खंडित झाली नाही. ऑलिव्हर लाशे यांच्या, गॅलिशियन भाषेतील ‘ओ के आर्दे’ या वणव्यांवरील चित्रपटाला 2019 च्या कान महोत्सवात ‘अँ सर्तें रगार’ विभागाचे ज्युरी पारितोषिक मिळाले. त्यातील वृद्ध मातेची भूमिकाही व्यावसायिक अभिनेत्रीने नव्हे, तर त्याच मातीतील एका स्त्रीने केली होती.

गॅलिसियातील खेडी आजही ओस पडत आहेत आणि तरुण पिढीत गॅलिशियनचा वापर घटत आहे. अशा वेळी पिन्येइरो यांचे चित्रपट केवळ कलाकृती राहत नाहीत. विरत चाललेल्या एका जगाचा तो दस्तऐवज ठरतो.