विश्लेषण : तळेगावातून गेलेल्या डिस्प्ले कारखान्याचे गणित जुळत होते का?

वेदान्त-फॉक्सकॉनचा प्रकल्प तळेगावऐवजी गुजरातला गेला आणि २०२२ मध्ये राज्यात राजकारण पेटले. चर्चा झाली ती फक्त चिपची. याच भागीदारीतला डिस्प्लेचा, म्हणजे पडद्यांचा कारखाना मागे पडला. रकमेत मात्र तोच मोठा होता.

प्रस्ताव काय होता?

१३ सप्टेंबर २०२२ रोजी गुजरात सरकारशी १ लाख ५४ हजार कोटी रुपयांचे करार झाले. त्यात डिस्प्लेचा वाटा ९४,५०० कोटींचा. 'जेन-८' काचेवर लहान, मध्यम आणि मोठे पडदे बनवायचे होते. जुलै २०२३ मध्ये फॉक्सकॉनने अंग काढून घेतले.

पुण्यातल्या गाड्या पुरल्या असत्या?

पुणे परिसर मोटारींचा, त्यामुळे गिऱ्हाईक दारातच, असा समज होतो. पण पॅनेल सुटे बनत नाही. मोठ्या काचेवर एकदम छापून ते कापले जाते. जेन-८ची काच साधारण २.२ बाय २.५ मीटरची. तिच्यातून मोटारीचे १० इंची पडदे दीडशे तरी निघतात. देशात वर्षाला सुमारे ४३ लाख प्रवासी गाड्या विकल्या जातात. प्रत्येकीला एक पडदा धरला तरी २९ हजार काचा पुरे. असा मोठा कारखाना एवढे काम महिन्याभरात उरकतो. चाकणच्या जिवावर उरलेले अकरा महिने यंत्रे बसून राहतील. म्हणजे टीव्ही आणि मोबाइलच्या ऑर्डर हव्याच, आणि तिथे गाठ चिनी कंपन्यांशी.

जपानचा अनुभव काय?

लहान-मध्यम पडद्यांसाठी सोनी, तोशिबा आणि हिताचीने आपले विभाग एकत्र केले. एप्रिल २०१२ मध्ये 'जपान डिस्प्ले' सुरू झाली. सरकारी पाठबळाच्या निधीने २० हजार कोटी येन ओतून ७० टक्के हिस्सा घेतला. तंत्रज्ञान अव्वल, पण भिस्त अॅपलवर. २०१७ मध्ये 'आयफोन टेन'ला ओएलईडी पडदा आला, जपान डिस्प्लेकडे मात्र प्रामुख्याने एलसीडीच होते. मार्च २०१५ला संपलेल्या वर्षापासून पुढे दहाहून अधिक वर्षे सलग तोटा झाला. मोटारींच्या पडद्यांचा धंदा त्यातल्या त्यात स्थिर, कारण एकदा मंजूर झालेले पॅनेल त्या मॉडेलला वर्षानुवर्षे लागते. तरी तेवढ्याने कंपनी सावरली नाही.

मग पुण्याला काय परवडेल?

तयार पॅनेल आणून त्याला टच, बॅकलाइट, सर्किट आणि वरची काच जोडण्याचे काम. भांडवल कमी, आणि चाकणच्या मागणीएवढेच उत्पादन ठेवता येते. नफा मात्र बेताचाच, कारण पॅनेलची किंमत परदेशातच ठरते.