टायरवाल्यांच्या पुस्तकातल्या सुगरणी

टीव्हीवरच्या पाककृतींच्या कार्यक्रमात 'मिशेलिन स्टार शेफ' हे शब्द हल्ली वरचेवर कानावर पडतात. पांढरा कोट घातलेले शेफ येतात आणि सगळे कौतुकाने उठून उभे राहतात. हा तारा म्हणजे नक्की काय? तो देतं तरी कोण? मैत्रिणींनो, गंमत अशी की हा मान देणारी कुठली पाककला संस्था नाही, सरकारही नाही. तो देते टायर बनवणारी एक कंपनी!

फुकट वाटलेलं पुस्तक

फ्रान्समधल्या क्लेर्माँ-फेराँ या शहरात आंद्रे आणि एदुआर मिशेलिन या भावांचा टायरचा कारखाना होता. 1900 साली अख्ख्या फ्रान्समध्ये तीन हजारसुद्धा मोटारी नव्हत्या. मग टायर खपणार कुठून? लोकांनी गाड्या घ्याव्यात, लांबलांब फिरावं, म्हणजे टायर झिजतील आणि नवे विकले जातील, असा साधासोपा हिशेब भावांनी मांडला. पेट्रोल कुठे मिळेल, गाडी कोण दुरुस्त करेल, टायर कसा बदलायचा, रात्री मुक्काम कुठे करायचा, अशी माहिती असलेलं छोटं पुस्तक त्यांनी छापलं. सुमारे 35 हजार प्रती काढल्या आणि चक्क फुकट वाटल्या.

पण फुकटच्या वस्तूची किंमत राहत नाही, हा अनुभव सगळीकडे सारखाच. कंपनीच सांगते ती गोष्ट अशी, की आंद्रे एकदा एका टायरच्या दुकानात गेले तर तिथे त्यांचंच पुस्तक टेबलाखाली टेकू म्हणून लावलेलं! 1920 पासून पुस्तकाला 7 फ्रँक किंमत लावली. हळूहळू त्यात खाणावळी आणि रेस्टॉरंटांची यादी वाढत गेली. लोकांना तीच जास्त आवडू लागली. 1926 मध्ये चांगल्या जेवणासाठी एक तारा सुरू झाला, 1931 मध्ये दोन आणि तीन तारे आले. त्यांचा अर्थही प्रवाशाला कळेल असाच. एक तारा म्हणजे वाटेत असेल तर थांबाच. दोन तारे म्हणजे वाट वाकडी करून जा. आणि तीन तारे म्हणजे केवळ तिथे जेवायला म्हणून प्रवास करा!

गुपचूप येणारा पाहुणा

हे ठरवणारे निरीक्षक कंपनीचे पगारी लोक असतात. ते स्वतःची ओळख सांगत नाहीत. साध्या गिऱ्हाइकासारखे येतात, जेवतात, बिल भरतात आणि निघून जातात. एकाच्या मतावर तारा मिळत नाही, निरनिराळे निरीक्षक निरनिराळ्या वेळी जाऊन येतात आणि मग सगळे मिळून ठरवतात. झुंबरं, गालिचे, चांदीची भांडी याला ताऱ्यासाठी गुण नाहीत. बघायचं ते फक्त ताटात. कसोट्या पाच. जिन्नस कसे आहेत, हातात कसब किती आहे, चवींचा मेळ बसलाय का, बनवणाऱ्याचा स्वतःचा ठसा त्यात उमटतो का, आणि आज लागलेली चव उद्याही तशीच लागते का. तारा एकदा मिळाला की जन्मभराचा, असंही नाही. दरवर्षी नव्याने तपासणी होते आणि मिळालेला तारा जाऊही शकतो.

या पाच कसोट्यांत कुठेही 'पदवी' हा शब्द नाही, हे लक्षात घ्या. म्हणूनच पुढची गोष्ट घडू शकली.

लिओंच्या 'आई'

युजेनी ब्राझिए ही 1895 साली एका शेतकरी कुटुंबात जन्मली. दहा वर्षांची असताना आई गेली. शाळा म्हणाल तर शेतात काम नसेल तेव्हापुरती. दुसऱ्यांच्या शेतांवर राबत ती मोठी झाली. एकोणिसाव्या वर्षी लग्नाआधीच मूल झालं आणि बापाने घराबाहेर काढलं. पदरात लहान मुलगा, हातात पैसा नाही. ती लिओं शहरात गेली आणि एका श्रीमंत घरी कामाला लागली. तिथे स्वयंपाक तिच्या हाती आला.

लिओंमध्ये तेव्हा एक निराळीच परंपरा होती. मोठ्या घरांतून स्वयंपाक करणाऱ्या कितीतरी बायकांनी नोकरी सुटल्यावर स्वतःच्या खाणावळी काढल्या होत्या. त्यांना सगळे 'मेर' म्हणत. मेर म्हणजे आई. आपल्याकडे खानावळवाल्या मावशी किंवा काकू म्हणतात ना, अगदी तसंच. अशाच एका 'मेर' फिलियूंच्या हाताखाली युजेनी शिकली. 1921 मध्ये तिने शहरात एक लहानसं किराणा दुकान घेऊन त्यात स्वतःची खाणावळ थाटली. काही वर्षांनी जवळच्या डोंगरावर दुसरी सुरू केली.

आणि 1933 मध्ये मिशेलिनने तिच्या दोन्ही ठिकाणांना तीन-तीन तारे दिले. एका व्यक्तीच्या नावावर सहा तारे! असं त्याआधी कुणालाच जमलं नव्हतं. त्यानंतरही 1998 मध्ये अलाँ द्युकास या शेफने बरोबरी करेपर्यंत, म्हणजे पासष्ट वर्षं, तो मान तिच्या एकटीचाच राहिला. पुढे जगप्रसिद्ध झालेले पॉल बोक्यूजही तरुणपणी तिच्या स्वयंपाकघरात उमेदवारी करून गेले. त्याच 1933 साली मारी बुर्ज्वा या आणखी एका 'मेर'लाही तीन तारे मिळाले होते. 1951 मध्ये मार्गरित बीझ यांना मिळाले.

छप्पन्न वर्षांचं रिकामं पान

आणि मग? मग काहीच नाही. 1951 नंतर फ्रान्समध्ये तीन तारे मिळवणारी पुढची बाई उगवायला 2007 साल उजाडलं. तब्बल छप्पन्न वर्षं!

या काळात बायका स्वयंपाक विसरल्या का? छे! घरोघरी चुली त्याच पेटवत होत्या. पण मोठ्या हॉटेलांची स्वयंपाकघरं पुरुषांची झाली होती. एस्कॉफिए या नामांकित फ्रेंच शेफने तिथली कामं लष्करी पलटणीसारखी वरपासून खालपर्यंत वाटून दिली होती. पोरसवदा वयात मुलगे भरती व्हायचे आणि पायरी पायरीने वर चढायचे. रात्री उशिरापर्यंत काम, घर आणि मुलं बघायला वेळ नाही. निरीक्षक ताटात बघतो हे खरं, पण ताट वाढणाऱ्या जागी बाई पोचलीच नाही, तर तारा द्यायचा कुणाला?

2007 मध्ये तो मिळवला ॲन-सोफी पिक यांनी. व्हालान्स शहरातलं त्यांच्या घराण्याचं रेस्टॉरंट. आजोबांना आणि वडिलांना तीन तारे मिळालेले. 1992 मध्ये वडील अचानक गेले आणि 1995 मध्ये तिसरा तारा गेला. ॲन-सोफी शिकल्या होत्या व्यवसाय व्यवस्थापन, स्वयंपाकाची पदवी त्यांच्याकडे नव्हती. तरी घरच्याच स्वयंपाकघरात उभं राहून त्या शिकल्या आणि गेलेला तारा परत आणला. विशेष म्हणजे या घराण्याच्या खाणावळीची सुरुवात एकोणिसाव्या शतकात त्यांच्या पणजी सोफी यांनीच केली होती.

आपल्या जवळचंही एक नाव यात आहे. मुंबईत वाढलेल्या, आधी पत्रकारिता केलेल्या गरिमा अरोरा यांच्या बँकॉकमधल्या रेस्टॉरंटला 2018 मध्ये तारा मिळाला. तो मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय महिला. 2023 मध्ये त्यांनी दुसराही मिळवला.

तुमच्या गावातही एखादी मावशी असेल. वर्षानुवर्षं विद्यार्थ्यांचे, नोकरदारांचे डबे करणारी. तिच्या आमटीची चव सोमवारी जशी, तशीच शनिवारी. मिशेलिनच्या पाचव्या कसोटीला ती रोज उतरते. तिच्या खानावळीच्या पाटीवर मात्र बरेचदा मुलाचं नाव असतं, नाहीतर देवाचं. युजेनीच्या दारावर 'ला मेर ब्राझिए' अशी तिची स्वतःची पाटी होती, आणि ती 1977 मध्ये गेल्यानंतरही तिथे राहिली. तेव्हा तुम्ही स्वतः मेस किंवा पोळीभाजी केंद्र काढायच्या विचारात असाल, तर पाटी रंगवायला देताना एवढं जरूर करा. त्यावर आपलं नाव घाला.