ग्रंथ पेलणारा गरुड

इंग्लंडच्या नॉटिंगहॅमशायर परगण्यात साउथवेल मिन्स्टर हे जुने चर्च आहे. तिथला पितळी गरुड सुमारे पाचशे वर्षांचा. पसरलेल्या पंखांवर बायबल ठेवायचे आणि मागे उभे राहून मोठ्याने वाचायचे, यासाठी तो घडवला. त्याची पाठ वाचणाऱ्याकडे असते, चोच ऐकणाऱ्यांकडे.

पक्षी गरुडच का? ख्रिस्ती कलेत चार शुभवर्तमानकारांना चार चिन्हे आहेत: मत्तयाला मानव, मार्काला सिंह, लूकला बैल आणि योहानाला गरुड. गरुड सूर्याकडे डोळे न मिटता पाहू शकतो, अशी मध्ययुगात समजूत होती. योहानाचे शुभवर्तमान शब्दाच्या महतीने सुरू होते, म्हणून शब्दाचा भार गरुडावर आला.

पितळी ओतकामात आजच्या बेल्जियममधल्या दिनां गावच्या कारागिरांचा मोठा दबदबा होता. तिथल्या जेहां जोसेसने १३७२च्या सुमारास घडवलेला गरुड टॉन्गरेनच्या चर्चमध्ये आहे. पंधराव्या शतकाच्या अखेरीस इंग्लंडच्या पूर्व भागातही हे काम बहरले. गरुड, गोळा, खांब, पायाशी बसलेले छोटे सिंह असे भाग ओतून जोडायचे, मग पिसांच्या रेघा कोरायच्या. साचे पुन्हा पुन्हा वापरात येत. त्यामुळे लांबलांबच्या गावांतले गरुड सख्ख्या भावंडांसारखे दिसतात. त्यांतला एक थेट इटलीतल्या उर्बिनोच्या कॅथेड्रलमध्ये पोचला.

साउथवेलचा गरुड मूळचा जवळच्या न्यूस्टेड मठातला. इंग्लंडचा राजा आठवा हेन्री याने १५३९ मध्ये हा मठ बंद केला. जप्ती टाळण्यासाठी तिथल्या धर्मबंधूंनी गरुड तळ्यात टाकला, असे सांगतात. मठाची वास्तू पुढे बायरन घराण्याकडे गेली; कवी बायरन याच घराण्यातला. अठराव्या शतकात गरुड तळ्यातून बाहेर निघाला. साफ करताना त्याच्या पोकळीत मठाची जुनी कागदपत्रे सापडली. १८०५ मध्ये तो साउथवेलला भेट मिळाला.

हेन्रीच्या काळात सुरू झालेल्या धर्मसुधारणेच्या उलथापालथीत इंग्लंडमधल्या किती तरी मूर्ती फुटल्या, रंगीत चित्रांवर चुना फासला गेला. तरी अनेक गरुड जागेवर राहिले, कारण त्यांचे काम संपले नव्हते. प्रत्येक चर्चमध्ये इंग्रजी बायबल ठेवावे, असा हुकूम १५३८ मध्येच निघाला होता. लॅटिन ग्रंथ गेला, इंग्रजी आला. दोन्ही पेलायला पाठ तीच. एकोणिसाव्या शतकात गॉथिक शैलीची आवड परतली, तेव्हा बर्मिंगहॅमच्या कारखान्यांतून असे नवे गरुड घडू लागले.

पूजेच्या वस्तूवरून माणसे भांडली, वाचनाच्या वस्तूवरून नाही. या पितळेला आयुष्य मिळाले ते सौंदर्यामुळे कमी आणि कामामुळे जास्त. जुनी वस्तू टिकवायची असेल, तर तिचे काम तिच्याकडेच राहू द्यावे.