खतावणीचे फोटो नकोत

सेनगावात एका जुन्या दुकानाच्या माडीवर हिशेबाच्या वह्यांचे फोटो काढायचं काम चाललंय, असं कानावर आलं. वह्या मोडीत, आणि काम सांगणारा नातू अमेरिकेत. त्याला त्यातलं अक्षर लागायचं नाही, हे उघड होतं. मग त्याला हवंय तरी काय, एवढ्याच कुतूहलापोटी गेलो.

घर आर्य वैश्यांचं. गाव अजून 'कोमटी सावकार' म्हणतं, घरच्यांना ते रुचत नाही. तेलंगणाकडून व्यापाराच्या वाटेनं मराठवाड्यात शिरलेला हा समाज. आडनावाच्या शेवटी 'वार', घरात तेलुगू, दुकानात मराठी, आणि निजामाच्या राज्यात कचेरीपुरती उर्दू. खाली दुकानात सरकीच्या पेंडीचा वास, आणि माडीवर लाल खारव्याची दप्तरं सोडली की वेखंडाचा. कसर लागू नये म्हणून कधीकाळी घातलेली पूड अजून पानापानांत होती. तो वास घरी आल्यावरही शर्टाला राहिला.

फोटो काढणारा पोरगा झेरॉक्सच्या दुकानातला. पानाला दोन रुपये. स्टँडला मोबाईल, बाजूला दिवा, खाली काळं कापड. पान उलटताना तो बोटाला थुंकी लावत नव्हता. जुन्या लग्नपत्रिकेचा जाड तुकडा पानाखाली अलगद सरकवायचा, पान उचलायचा, दुसऱ्या तळहातानं खाली बसवायचा. कडा मोडायला आलेली असली की श्वास धरायचा. हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं.

सावकार पंच्याऐंशीच्या घरातले. वडिलांनी शिकवली म्हणून मोडी वाचतात. मी बसल्या बसल्या त्यांनी पहिली गोष्ट सांगितली ती आकड्याची. "आमची गोत्रं एकशे दोन." पेनुगोंड्याची वासवी कन्यका, तिला मागणी घालणारा राजा विष्णुवर्धन, आणि त्याला नकार देऊन तिच्यासोबत अग्नीत उतरलेली एकशे दोन गोत्रांची जोडपी, ही कथा त्यांनी हातातलं काम सोडून सांगितली. वैशाख शुद्ध दशमीची जयंती, माघातलं अग्निप्रवेशाचं स्मरण, पुन्हा एकशे दोन. नातवाशी व्हिडिओवर बोलतानाही तेच. तिकडून "ताता" अशी हाक आली आणि इकडून पहिला प्रश्न, मुलाला गोत्र सांगता येतं का?

अमेरिकेत या समाजाची एनआरआय वासवी असोसिएशन आहे. संमेलनं होतात, वधूवरांची ओळख करून देतात. तिथं गोत्र लागतंच. म्हणून नातवाची यादी नेमकी होती: लक्ष्मीपूजनाची पहिली पानं, वहीच्या शेवटी टिपलेले जन्ममृत्यू, कुलदैवताच्या नोंदी. आजीच्या हातच्या पुलिहोऱ्याची कृतीही त्यानं मागवली होती. आणि एक सूचना: खतावणीचे फोटो नकोत, उगाच खर्च.

मला मात्र खतावणीच सोडवेना. सावकार वाचत गेले तसतसा एक अख्खा मुलूख समोर येत गेला. एका ओळीत रुपयापुढे 'हाली', पुढच्या ओळीत 'कलदार'. हाली म्हणजे निजामाचा रुपया, कलदार इंग्रजांचा. सात हालीला सहा कलदार हा भाव. सेनगाव वऱ्हाडाच्या सीमेला लागून, रिसोड पलीकडच्या मुलखात. माल नेला-आणला की निजामाची जकात, तिची नोंद 'करोडगिरी'. ज्वारी सवाईनं दिलेली, म्हणजे पेरणीला चार पायल्या उचलल्या तर सुगीला पाच परत. कुणाला दिडीनं, चाराच्या सहा. नावापुढे गाव, गावापुढे जामीन, आणि काही खात्यांखाली जमिनीचा सर्व्हे नंबर. तो कशासाठी, ते विचारायची गरज नव्हती.

१९४८ च्या उन्हाळ्यात वही थांबते. पुढची पानं कोरी. "रझाकारांचं भेव. आम्ही रिसोडला गेलो तवा, बैलगाडीत." पोलीस कारवाई झाली, १७ सप्टेंबरला हैदराबाद शरण आलं, आणि त्यानंतर शाई वेगळी आहे.

पोरगा ऐकत होता. शेवटी म्हणाला, "मग हे कामून काढीना गेलेत? ह्यात तर समद्या गावाची नावं हायत."

सावकारांनी वही मिटली. "त्याच्यामुळंच. त्यांची नातवंडं आज माझ्या दुकानात येतात. कशाला दाखवायचं?"

उत्तर प्रामाणिक आहे, पण मला ते पटत नाही. १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात शेतकरी सावकारांवर उठले, तेव्हा त्यांनी कर्जरोखे जाळले. कागदात काय आहे हे कुळांना चांगलं ठाऊक होतं. मग ते आता सावकारांच्याच नातवंडांपासून लपवायचं, हा उफराटा न्याय झाला.

तमिळनाडूतल्या नाट्टुकोट्टै चेट्टियारांचं उदाहरण घ्या. कारैकुडीच्या परिसरातले हे सावकार-व्यापारी ब्रह्मदेश, मलाया, सिलोनपर्यंत गेले. आजही पेनांगला थैपूसमच्या सणाला त्यांचा चांदीचा रथ निघतो. लग्न जुळवताना नऊ कुलदेवळांपैकी कोणत्या देवळाचे, हे आधी पाहतात. आपल्याकडे गोत्र तसं तिकडे देऊळ. परदेशातली नातवंडं हे सगळं निष्ठेनं जपतात. पण १९३० च्या मंदीत भाताचे भाव कोसळले, कर्जं थकली, आणि १९३७ पर्यंत खालच्या ब्रह्मदेशातली जवळजवळ चौथा हिस्सा भातजमीन त्यांच्या नावावर चढली होती. १९४२ मध्ये जपानी आले तेव्हा हजारो लोक सारं टाकून पळाले. रथाची गोष्ट सांगताना ही जमिनीची गोष्ट गाळली, तर तिथल्या माणसांनी त्यांचा एवढा राग का धरला हे पुढच्या पिढीला कळणारच नाही.

आणि खतावणी म्हणजे नुसता पापाचा पाढा नव्हे. सरकार किंवा बँक दारात नव्हती तेव्हा बी-बियाणं, लग्नाचं लुगडं, बाळंतिणीचा गूळ याच वहीतून गेला. व्याज जबर होतं, आणि उधारी देणारं दुसरं कुणी नव्हतं. दोन्ही गोष्टी एकाच पानावर आहेत. व्यापारी समाजाचा वारसा देव्हाऱ्यात जेवढा, त्याहून जास्त त्याच्या हिशेबात असतो. एकशे दोन गोत्रं पुराणातही सापडतील, सेनगावच्या कुळांची नावं या वहीशिवाय कुठे मिळणार?

निघताना सावकारांना एवढंच म्हटलं की हवं तर नातवाला पाठवू नका, पण फोटो काढून ठेवा. त्यांनी हो म्हटलं नाही, नाहीही म्हटलं नाही. पोरानं मात्र खतावणीची पानं मोजून सांगितली: सातशे चाळीस. चौदाशे ऐंशी रुपयांचं काम.

हिंगोली, परभणी, नांदेडच्या बाजारपेठांत अशी दप्तरं अजून माळ्यावर पडून आहेत. घर पाडताना ती रद्दीत जातात, पावसाळ्यात कुजतात. तुमच्याकडे असतील तर आधी सगळी पानं टिपून घ्या. कोणती महत्त्वाची हे नंतर ठरवा. मोडी येत नसेल तर पुराभिलेख संचालनालय मोडीचे वर्ग घेतं, त्याचं कार्यालय छत्रपती संभाजीनगरातही आहे. घरात ठेवायची भीती वाटत असेल तर तिथं विचारा, पण काडी लावू नका.