सुब्बय्या नायडू : म्हैसूरचा नट आणि पहिला कन्नड बोलपट

मराठी बोलपटाचा इतिहास शिकताना कोल्हापूरचे नाव तुम्ही ऐकलेच आहे. 'अयोध्येचा राजा' (१९३२) तेथेच तयार झाला. पण प्रदर्शित झालेला पहिला कन्नड बोलपटही कोल्हापुरातच चित्रित झाला, हे आपल्याकडे फारसे कोणी सांगत नाही. तो चित्रपट म्हणजे 'सती सुलोचना', आणि त्यातला इंद्रजित होता म्हैसूरचा रंगभूमीवरील नट एम. व्ही. सुब्बय्या नायडू.

चित्रपटात पैसा घातला चमनलाल डुंगाजी या बेंगळूरच्या मारवाडी व्यापाऱ्याने. दिग्दर्शक वाय. व्ही. राव. म्हैसूर संस्थानात बोलपटाची सोय नव्हती, म्हणून सगळी मंडळी कोल्हापूरच्या छत्रपती सिनेटोनमध्ये आली. ३ मार्च १९३४ रोजी चित्रपट बेंगळुरात लागला. 'भक्त ध्रुव'चे काम याआधी सुरू झाले होते, पण तो नंतर प्रदर्शित झाला. त्याचे दिग्दर्शक पार्श्वनाथ आळतेकर मराठीच होते. म्हणून उत्तरात नुसते 'पहिला' न लिहिता 'प्रदर्शित झालेला पहिला' असे लिहावे.

आता मुख्य प्रश्न : नाटकातलाच नट का? मूकपटाला चेहरा आणि हावभाव पुरत होते. बोलपटाला गळा लागू लागला. पार्श्वगायन त्या वेळी आलेले नव्हते. ज्याचा चेहरा पडद्यावर, त्यानेच कॅमेऱ्यासमोर उभे राहून बोलायचे आणि गायचे. मध्येच सूर घसरला तर शॉट पुन्हा पहिल्यापासून. पाठांतर, स्पष्ट उच्चार, गाणे आणि पौराणिक भूमिकांचा सराव हे सगळे एकाच माणसाजवळ तयार मिळण्याची जागा म्हणजे नाटक कंपनी. रावण झालेले आर. नागेंद्र राव हेही रंगभूमीवरचेच, शिवाय चित्रपटाच्या संगीतातही त्यांचा हात होता. मात्र शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचवायची सवय असलेल्या नटाला मायक्रोफोनपुढे तो आवरावा लागतो. हे सर्वांना मानवले नाही. बालगंधर्वांसारखा थोर नट 'धर्मात्मा'नंतर (१९३५) पडद्यावर फार रमला नाही, हे आठवून पाहा.

नायडूंनी दोन्ही सांभाळले. नागेंद्र रावांबरोबर त्यांनी म्हैसूरला श्री साहित्य साम्राज्य नाटक मंडळी चालवली. या मंडळीच्या 'भूकैलास' नाटकावरून १९४० साली तेलुगू चित्रपट निघाला, त्यात नायडू रावण होते. पुढे कन्नडमध्ये 'वसंतसेना' (१९४१) आणि 'सत्य हरिश्चंद्र' (१९४३) आले. १९५८ च्या 'भक्त प्रल्हाद'मध्ये त्यांचा मुलगा लोकेश बालनट म्हणून पडद्यावर आला. पुढे तोही कन्नडमधला नावाजलेला अभिनेता झाला.

'सती सुलोचना'ची प्रत मात्र आज उपलब्ध नाही. नायडूंचा इंद्रजित कसा बोलला, कसा गायला, हे आपण कितीही लिहिले तरी ऐकून तपासता येत नाही.